हवेला लावायचं विशेषण

माझे वडील हायस्कूलमध्ये इंग्रजी शिकवायचे. त्यांना आयुष्यात दोनच गोष्टींचा गर्व होता, एक इंग्रजी भाषेचा आणि दुसरा नाशिकच्या हवेचा. यांतली एकही त्यांनी निर्माण केलेली नव्हती, पण दोन्हींविषयी कुणी जरा वाकडं बोललं तरी ते घरच्या अब्रूवर घाला पडल्यासारखे चवताळायचे. या दोन गर्वांची गाठ एकाच शब्दात पडली होती. तो शब्द म्हणजे ‘इनसलूब्रियस’.

शब्द अवघड आहे, मला मान्य आहे. आमच्या घरात मात्र तो ‘मीठ संपलंय’ इतक्या सहज बोलला जायचा. मुंबई इनसलूब्रियस, कारण तिथे दमट. मनमाड इनसलूब्रियस, कारण तिथे पाण्याची बोंब. आत्याचं सासर इनसलूब्रियस, कारण गोठा स्वयंपाकघराला चिकटून. एसटी स्टँडमागची एक गल्लीही त्यात मोडायची, पण ती का, हे मी लहान असेपर्यंत मला सांगितलं गेलं नाही. अख्ख्या महाराष्ट्रात या विशेषणातून सुटलेली जागा एकच होती आणि योगायोगाने आम्ही तिथेच राहत होतो.

वर्गात ते हा शब्द फळ्याच्या कोपऱ्यात लिहून आठवडाभर पुसू द्यायचे नाहीत. मी त्यांच्याच शाळेत होते, त्यामुळे ते व्याख्यान मी वर्गात एकदा आणि जेवताना असंख्य वेळा ऐकलेलं आहे. ते म्हणायचे, “अनहेल्दी म्हणजे काहीही असू शकतं. माणूस, सवय, खाणं, गालाचा रंगसुद्धा. हा शब्द तसा कुणाच्याही गळ्यात पडत नाही. हा जागेला लावायचा. हवेला, पाण्याला, वस्तीला. जिथे राहिल्याने माणूस आजारी पडतो ती जागा इनसलूब्रियस. जिथे सभ्य माणसाने जाऊ नये तीही. पण माणूस? माणूस कधीही इनसलूब्रियस नसतो. माणसाला लावलात तर मार्क कापीन.” आणि ते खरंच कापायचे. ‘माय अंकल इज इनसलूब्रियस’ असं लिहिणाऱ्या एका मुलाचा त्यांनी पाऊण तास घेतला होता. तो काका प्रत्यक्षात कसा होता याची चौकशी मात्र कुणी केली नाही.

शेवटी ते आवर्जून सांगायचे की शब्द औपचारिक आहे, कोट घालून बाहेर जायचा आहे, घरात वापरायचा नाही. मग घरी येऊन, बनियनवर बसून, भाजीवाल्याच्या गाडीला तो लावायचे.

आई सातवी शिकलेली. तिचं या शब्दावरचं मत एका वाक्यात होतं. “वाईट हवा म्हणायला एवढा जबडा कशाला उघडायचा?”

ऐंशीच्या दशकाच्या शेवटी वडिलांनी गंगापूर रोडच्या बाजूला, तेव्हा जिथे गाव संपायचं तिथे, घर बांधलं. तीन खोल्या, पुढे गॅलरी, मागे स्वयंपाकघराचं दार. त्या दाराबाहेर धुण्याचा दगड, कपडे वाळत घालायची तार आणि तारेच्या पलीकडे लगेच द्राक्षाची बाग. दुसऱ्या बाजूला अजून एक बाग. प्लॉट निवडताना वडिलांनी पाणी बघितलं नाही, रस्ता बघितला नाही, बस किती लांब थांबते हेही बघितलं नाही. नुसते बागेकडे तोंड करून उभे राहिले, छाती भरून श्वास घेतला आणि म्हणाले, “हेच.” आई तेव्हाच म्हणाली होती की इथून भाजी आणायला कोण जाणार? पण हवेपुढे भाजीचं कोण ऐकतं.

मग पाहुणे सुरू झाले. ज्यांचं कुणी नाशिकला राहतं त्यांना हे समजावून सांगायला नको. मुंबईच्या माणसाला खोकला झाला, भूक लागेनाशी झाली, बायकोशी भांडण झालं, मुलगा नापास झाला, की डॉक्टर नाहीतर शेजारी सांगायचे, “थोडी हवापालट करा.” हवापालट म्हणजे नाशिक आणि नाशिक म्हणजे आम्ही. दिवाळीच्या सुट्टीत आणि मे महिन्यात आमच्याकडे एक गेला की दुसरा यायचा. पहिल्या दिवशी हवा, दुसऱ्या दिवशी वणीच्या गडावर देवीचं दर्शन, तिसऱ्या दिवशी पुन्हा हवा आणि निघताना चिवड्याची पुडकी. वडील प्रत्येकाला गॅलरीत वेताच्या खुर्चीवर बसवायचे आणि हवा दाखवायचे. हो, दाखवायचे. बोटाने.

सगळ्यांत नेमाने यायचे ते वडिलांचे थोरले भाऊ, आमचे मोठे काका, आणि काकू. काका पहाटे उठून गॅलरीत मांडी घालून प्राणायाम करायचे. एक नाकपुडी दाबून, डोळे मिटून, इतक्या जोराने हवा ओढायचे की आत झोपलेल्याला वाटावं, कुणी पंपाने सायकलीत हवा भरतंय. मग डोळे उघडून म्हणायचे, “बागेचा वास बघ कसा येतोय! आमच्याकडे हा वास विकत घ्यायचा म्हटलं तरी मिळणार नाही.” काकांच्या प्राणायामाला आल्याचा चहा लागायचा आणि तो मागच्या दाराशी बसून आई करायची.

आता त्या वासाबद्दल सांगते. द्राक्षाच्या बागेला वर्षातून दोनदा छाटणी असते, एक उन्हाळ्यात आणि एक ऑक्टोबरच्या सुमाराला. छाटणी झाली की नवी पालवी फुटते आणि त्या पालवीवर भुरी नावाचा रोग पडू नये म्हणून औषध मारावं लागतं. गंधक, निळसर मोरचूद आणि चुना, शिवाय आणखी कशाकशाच्या बाटल्या. ते मारायचं पहाटे, कारण तेव्हा वारा पडलेला असतो. म्हणजे मे महिन्याच्या सुट्टीत आणि दिवाळीच्या सुट्टीत, पाहुण्यांनी छाती फुगवून बसावं नेमक्या त्या वेळेला, बागेत फवारणी चालू असायची. मोठे काका ज्याला बागेचा वास म्हणायचे तो गंधकाचा होता. दिवाळीत तर शंकाच नको, सगळ्यांना वाटायचं फटाक्यांचा आहे.

कुणालाच कसं कळलं नाही, असं आता वाटतं. कळायला काही लपवलेलं नव्हतं. बागवाले आमचे चांगले शेजारी होते, हंगामात घरी घमेलंभर द्राक्षं पाठवायचे. पहिल्याच वर्षी ते वडिलांना म्हणाले होते, “सर, सकाळच्याला औषिध मारायचंय, वास आला तर दार लावून घ्या.” वडिलांनी मान डोलावली. आणि औषध म्हटल्यावर कशाला दार लावा? बागेला औषध, म्हणजे बागेची प्रकृती सांभाळणारी माणसं आहेत ही. बागवाल्यांनाही त्यात काही विशेष वाटत नव्हतं. “आमी रोज त्यातच हाय की, आमाला कुठं काय होतं?” असं ते उपरण्याने नाकतोंड घट्ट बांधून म्हणायचे.

तारेवरच्या कपड्यांवर निळसर पांढरे ठिपके पडायचे. आई वडिलांचे पांढरे शर्ट घासघासून धुवायची आणि विचारायची, “हे डाग हवेचेच का हो?” वडील म्हणायचे, “दवाचे असतील.” दव निळं कधीपासून पडायला लागलं, हे आईने विचारलं नाही. तिला साबण संपल्याची काळजी जास्त होती.

तिचा खोकला त्या घरात गेल्यावर दुसऱ्या वर्षी सुरू झाला. आधी नुसतं खाकरणं. मग सकाळी भाकरी थापताना मध्येच थांबून ओट्याला धरून उभं राहणं. मग श्वासात शिट्टी. त्या शिट्टीचा आवाज मला पाठ झाला होता, भिंतीपलीकडून अभ्यास करताना मी त्याची वाट बघायचे आणि तो आला की माझा राग उफाळायचा. कुणावर, ते तेव्हा नक्की ठरलेलं नव्हतं.

डॉक्टरांनी बाटल्या दिल्या, गोळ्या दिल्या, पुढे तोंडात धरून दाबायचा पंप दिला. “दमा आहे, सांभाळावं लागेल,” म्हणाले. आणि निघताना सगळ्यांना सांगतात तेच सांगितलं, “जमलं तर थोडी हवापालट करा.” वडील मोठ्याने हसले. “डॉक्टर, लोक हवापालटाला नाशिकला येतात. नाशिकच्या माणसाने कुठे जायचं? स्वर्गात?” डॉक्टरही हसले. आई हसली नाही, कारण ती खोकत होती.

खरा घाव पाहुण्यांचा होता. काकू स्वयंपाकघराच्या दारात उभ्या राहून, आईच्या हातची थालीपीठं खात, म्हणायच्या, “एवढ्या चांगल्या हवेत राहून तुला हे व्हावं म्हणजे कमालच. तुझी प्रकृतीच मुळात किडकी गं.” दुसरी कुणी म्हणायची, माहेरचंच असणार. तिसरी म्हणायची, मनाचा खेळ असतो. हळूहळू सगळ्या नातेवाइकांत हे पक्कं झालं की नाशिकची हवा उत्तम आहे आणि आमची आई खराब आहे. वडील तोंडाने असं कधी बोलले नाहीत. पण कुणी बोललं तर त्यांनी खोडूनही काढलं नाही. इतरांना ते जे व्याख्यान द्यायचे, की दोष जागेचा असतो, माणसाचा नसतो, ते त्यांना स्वतःच्या ओट्यापाशी आठवलं नाही. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच, आणि आमच्या घरी तर दिवा मास्तर होता.

सगळ्यांत वाईट हे की आईनेही ते मान्य करून टाकलं. “माझीच प्रकृती वाईट,” ती म्हणायची आणि पाहुण्यांपुढे खोकला येऊ नये म्हणून मागच्या दाराबाहेर, बागेच्या कडेला जाऊन खोकून यायची. म्हणजे जिथे सगळ्यांत जास्त औषध, तिथेच.

ही गोष्ट एखाद्या हुशार माणसामुळे उलगडली असती तर मला आवडलं असतं. ती उलगडली मावशीच्या पायामुळे.

आईची धाकटी बहीण नाशिकच्याच कारखान्यांच्या वसाहतीत, अंबडला राहायची. तिचे यजमान तिथल्या एका कारखान्यात लेथ मशीनवर होते आणि कारखान्यापासून हाकेच्या अंतरावर, एका इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर त्यांचं घर होतं. वडील त्या घरी एकदाच गेले होते, तेही नाकाला रुमाल लावून. परत आल्यावर त्यांनी अंबडला ते विशेषण असं काही लावलं की पुढे बरीच वर्षं ‘अंबड’ हा शब्द त्यांनी एकटा उच्चारलाच नाही. ‘ते इनसलूब्रियस अंबड’ असं ते एका दमात म्हणायचे. तिथे भोंगे, तिथे ट्रक, तिथे जळक्या तेलाचा वास. सगळं खरंही होतं. कुणी अंबडला हवा खायला गेल्याचं मीही ऐकलेलं नाही.

एका दिवाळीच्या तोंडावर मावशी जिन्यावरून घसरली आणि पाय प्लास्टरमध्ये गेला. तिची मुलं लहान, यजमानांची शिफ्ट. आईने पिशवी भरली.

“तू? अंबडला?” वडील म्हणाले. “इथल्या हवेत तुला श्वास घेता येत नाही, तिथे काय करशील? दोन दिवसांत खोकत परत येशील.”

“आले तर येईन,” आई म्हणाली. “बहिणीला काय सांगू, हवा वाईट म्हणून येत नाही?”

ती तिथे आराम करायला गेली नव्हती हे मी मुद्दाम लिहून ठेवते, कारण नंतर बऱ्याच जणांनी ते तसं सांगायचा प्रयत्न केला. मावशीच्या इमारतीत वरच्या मजल्यांवर पाणी चढायचं नाही. आई खालच्या नळावरून बादल्या भरून वर न्यायची, स्वयंपाक करायची, मुलांचे डबे भरायची, मावशीला उठवाबसवायची.

इकडे घर माझ्याकडे आलं. मी कॉलेजच्या पहिल्या वर्षाला होते. दिवाळी म्हणजे काका, काकू, त्यांची दोन मुलं आणि प्राणायाम. पहाटेचा आल्याचा चहा आता मागच्या दाराशी बसून मी करत होते. आठवड्याभरात माझे डोळे चुरचुरायला लागले आणि घशात काहीतरी अडकल्यासारखं होऊ लागलं. काकू म्हणाल्या, “आईवर गेली आहेस.”

भाऊबीजेला मी फराळाचा डबा घेऊन अंबडला गेले. इमारतीच्या खाली पोचले तेव्हा आई नळापाशी बादली भरत होती. मला बघून हसली, माझी पिशवी एका हातात घेतली, बादली दुसऱ्या हातात आणि जिना चढायला लागली. चढता चढता ती बोलत होती. मावशीचं प्लास्टर, धाकट्याची परीक्षा, शेजारणीची भांडणं, सगळं. दुसऱ्या मजल्यावर मला दम लागला आणि मी कठड्याला धरून थांबले. ती वरून वाकून म्हणाली, “काय गं, चढ की.”

मी बघतच राहिले. “आई, तू खोकत नाहीयेस.”

तिने बादली खाली ठेवली. जरा विचार केला. गॅसवर काही राहिलं का, हे आठवताना करते तसा तिचा चेहरा झाला. “खरंच की,” ती म्हणाली. “विसरलेच.”

त्या संध्याकाळी मी घरी येऊन हे वडिलांना सांगितलं. काका-काकूंसमोर सांगितलं, मुद्दामच. वडील म्हणाले, योगायोग. मग म्हणाले, हवामानातला बदल. मग ज्या माणसाने मुलांना आयुष्यभर नीट विचार करायला शिकवलं त्या माणसाने मला सांगितलं की कारखान्याच्या तेलकट हवेने घसा ओला राहत असेल. आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं, ही म्हण हवेलाही लागू होते हे मला तेव्हा कळलं. मी ताटावरून उठून गेले.

मावशी कुबड्यांवर चालायला लागली तेव्हा आईला आणायला वडील स्वतः गेले. मी बरोबर होते. रुमाल त्यांच्या खिशात होता, पण त्यांनी तो काढला नाही. जिना चढताना आई पुढे होती, तोंडाची टकळी चालू, हातात दळणाचा डबा. वडील मध्ये, मी मागे. पहिल्या मजल्यावर ते थांबले. दम लागला होता, पण थांबले ते दमासाठी नव्हे. ते वर बघत होते. गिरणीतून आणलेलं पीठ घेऊन त्यांची बायको बोलत बोलत चढून चालली होती आणि ती शिट्टी कुठे नव्हती. येताना बसमध्ये ते खिडकीबाहेर बघत बसले. एरवी त्या रस्त्यावर निदान चार गोष्टींना तरी विशेषण लागलं असतं.

दुसऱ्या दिवशी पहाटे बागेत फवारणीचा ब्लोअर सुरू झाला. काकांचा मुक्काम त्या वर्षी लांबला होता, ते गॅलरीत नाकपुडी धरून बसले होते. आईने सवयीने मागचं दार उघडलं, शेगडीवर चहा ठेवला. मी आतल्या खोलीत अंथरुणावरच होते. प्रथम खाकरणं ऐकू आलं, मग ती ओळखीची शिट्टी, मग कपबशा फुटल्याचा आवाज. आम्ही धावलो तेव्हा ती ओट्याला धरून वाकलेली होती आणि तिचे ओठ निळसर दिसत होते. इतकं वाईट याआधी कधी झालं नव्हतं. मी पंप शोधत होते, सापडत नव्हता. त्या क्षणी मला वाटलं की आता ही जाते. अगदी स्पष्ट वाटलं.

वडिलांनी मागचं दार लावलं. मग मधली खिडकी लावली. मग पुढे गॅलरीच्या दाराशी जाऊन, काकांच्या अंगावरून हात घालून, तिथलंही दार ओढलं.

पंप सापडला. आईचा श्वास हळूहळू जागेवर आला. तेवढ्यात काका आत आले. “अरे, दार कशाला लावलंस? हीच तर वेळ असते हवेची. हिलाही जरा गॅलरीत बसव, मोकळी हवा मिळेल.”

मी वडिलांकडे पाहिलं. मी त्या शब्दाची वाट बघत होते. इतकी वर्षं जपून ठेवलेला, कोट घातलेला शब्द आता तरी स्वतःच्या घराला लावतील, असं मला वाटलं. त्यांनी तो लावला नाही. ते साध्या मराठीत बोलले, आणि आवाज फाटलेला होता.

“दादा, इथली हवा वाईट आहे. हिला मारतेय ती.”

“नाशिकची हवा आणि वाईट?”

“नाशिकची नाही म्हणत मी. माझ्या घराची म्हणतोय. हिच्यात काही खोट नाही. कधीच नव्हती.”

आई ओट्यापाशी खुर्चीवर बसली होती, पदर तोंडाला. ती रडत होती की श्वास सावरत होती, मला कळलं नाही. काकू दारात होत्या. त्या काही बोलल्या नाहीत आणि आमच्याकडे ते पहिल्यांदाच झालं.

पुढच्या महिन्यात आम्ही अंबडच्या बाजूला, मावशीच्या शेजारच्या इमारतीत, भाड्याने दोन खोल्या घेतल्या. नातेवाइकांत गहजब झाला. चांगलं बागेजवळचं घर टाकून माणूस कारखान्यांत जाऊन राहतो, मास्तरचं डोकं फिरलं. बागवाले स्वतः निरोप द्यायला आले. “सर, आमच्यामुळं घर नका सोडू. पर औषिध मारलं नाय तर बाग जाती.” वडील म्हणाले, “तुमचं काही चुकलं नाही. बाग आधीची, घर मागून आलं.” पुढे हंगामात त्यांनी टोपलीभर द्राक्षं पाठवली. आईने ती मिठाच्या पाण्यात तीनतीनदा धुतली.

दमा काही पूर्ण गेला नाही. थंडीत डोकं वर काढायचा, पंप उशाशी असायचा. पण शिट्टीने दिवस सुरू होणं बंद झालं. आई जिना चढायची, बाजारात जायची, शेजारणींशी भांडायची. आणि हळूहळू आमच्या लक्षात आलं की आमच्याकडे कुणी येत नाही. अंबडला हवापालटाला कोण येणार? पहिल्या दिवाळीत आई फराळ करून बसली, वाट बघत. कुणीच आलं नाही. लक्ष्मीपूजनाच्या दुसऱ्या दिवशी ती उशिरापर्यंत झोपली. मी लहानपणापासून आईला उजाडल्यावर झोपलेली पाहिली नव्हती, म्हणून मी घाबरून जवळ गेले. ती शांत घोरत होती.

दोन हजार सालानंतर नाशिक भराभर वाढलं. गंगापूर रोडच्या बागा एकेक करून गेल्या आणि आमच्या घरामागची बागही गेली. तिथे इमारतींची स्कीम आली आणि रस्त्यावर भला मोठा बोर्ड लागला, ‘निसर्गाच्या कुशीत, शुद्ध हवेत’. वडील तोवर निवृत्त झाले होते. तो बोर्ड बघून आले आणि जेवताना म्हणाले, “आता तिथे हवा खरंच चांगली असेल. बाग नाही, फवारणी नाही. घर नीट करून परत जाऊ या का?”

“नको,” आई म्हणाली.

“अगं, आता तुला काही त्रास होणार नाही तिथे.”

“हवेचा नाही होणार,” आई म्हणाली आणि त्यांच्या ताटात भाकरी वाढली. “पण आपण परत गेलो की सगळे परत येतील.”

  मला वाटतं, हवेपलीकडेही त्या घरात काही होतं, हे वडिलांना त्या दिवशी समजलं. घर पुढे विकलं गेलं. तो विषय पुन्हा निघाला नाही.

त्यानंतर वर्षा-दोन वर्षांनी, मे महिन्यात, मी माहेरी गेले होते. अंबडही एव्हाना सुधारलं होतं. आमच्या इमारतीसमोर कडुनिंबाची ओळ मोठी झाली होती आणि सकाळी खरोखरच गार वारा सुटायचा. आई बाल्कनीत खुर्ची टाकून बसली होती, मांडीवर भुईमुगाच्या शेंगा, टरफलं खाली कागदावर. तिला कुठे जायचं नव्हतं आणि तिच्या शेगडीवर काही चढलेलं नव्हतं. तेवढ्यात फोन वाजला. वडिलांनी उचलला. मुंबईहून मोठे काका होते. त्यांचा आवाज पूर्वीपासूनच असा, की फोन न घेतलेल्यालाही ऐकू यायचा. ते म्हणत होते की प्रकृती बरी नसते हल्ली, डॉक्टर हवापालट करा म्हणतात, तुमच्या अंबडलाही आता हवा बरी झाली आहे असं ऐकलं, तर दोघं येतो महिनाभर.

वडिलांनी बाल्कनीकडे पाहिलं. आईने शेंग फोडली, दाणा तोंडात टाकला आणि रस्त्यावरच्या झाडांकडे बघत राहिली. तिने काही ऐकलं होतं की नाही, देव जाणे.

“नको दादा!” वडील फोनमध्ये ओरडले. “इथे कसली हवा! धूर आहे, भोंगे आहेत, तुला अजिबात मानवणार नाही. अतिशय इनसलूब्रियस जागा आहे. अतिशय. प्रकृती सांभाळ, मुंबईतच राहा. मी येईन तुला बघायला.”

फोन ठेवून वळले तेव्हा मी दारात उभी होते. वारा चांगला वाहत होता, बाल्कनीतल्या कागदावरची टरफलं उडून आत येत होती.

“बाबा,” मी म्हटलं, “शब्दाचा उपयोग साफ चुकला.”

“माहितेय,” ते म्हणाले. “काप मार्क.” आणि आतली दुसरी खुर्ची ओढत नेऊन ते आईच्या शेजारी बसले.